पन्नास लाखांचं कर्ज शेवटी पडतं कितीला?

सायली_वाकड

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं वाचनमात्र होते, धागा पहिल्यांदाच काढतेय, सांभाळून घ्या.

पुण्याजवळ पुनावळ्याला टू बीएचके बघितलाय. ६५ लाख, बांधकाम चालू आहे, ताबा दीड-दोन वर्षांनी. १५ लाख आमच्याकडे जमलेत, म्हणजे ५० लाखांचं कर्ज. बिल्डरच्या ऑफिसातच एका हाउसिंग फायनान्स कंपनीचा माणूस टेबल टाकून बसलेला असतो. त्याने साडेआठ टक्के दर सांगितलाय. वीस वर्षांना हप्ता ४३,३९१, तीस वर्षांना ३८,४४६. तो म्हणतो, "मॅडम, तीसच घ्या, महिन्याला पाच हजार हातात राहतात." नवऱ्यालाही ते पटलंय. सासऱ्यांचं म्हणणं, कर्ज काढायचंच कशाला, अजून पाच वर्षं साठवा.

हप्ता किती हे मला कळलं. पण या घरापायी शेवटपर्यंत आपल्या खिशातून एकूण जातात किती, आणि ते मोजायचं कसं? ज्यांचं कर्ज चालू आहे किंवा फिटलंय, त्यांनी प्लीज लिहा.

जुना_लेखनिक

तुमच्याच आकड्यांवर मांडून दाखवतो. वीस वर्षं म्हणजे २४० हप्ते, एकूण १ कोटी ४ लाख. मुद्दल ५०, व्याज ५४. तीस वर्षं म्हणजे ३६० हप्ते, १ कोटी ३८ लाख, त्यात व्याज ८८. महिन्याचे ते पाच हजार हातात राहावेत म्हणून ३४ लाख जास्त मोजायचे. पंधरा वर्षं झेपत असतील तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज साधारण साडेअडतीस लाख.

ही बेरीज सगळेच करतात. पण हप्त्यांचं वेळापत्रक एक्सेलमध्ये स्वतः मांडून बघा, त्यात खरी गंमत आहे. वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ व्याजात जातात आणि मुद्दलातून वजा होतात फक्त ७,९७४. हप्त्यात व्याज आणि मुद्दल निम्मंनिम्मं व्हायला बारावं वर्ष उजाडतं. निम्मं कर्ज फिटायला जवळजवळ चौदा वर्षं. पाच वर्षांनी तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि स्टेटमेंटवर बाकी दिसते ४४ लाख.

टवाळखोर

पॉपकॉर्न घेऊन बसलोय. "त्यापेक्षा भाड्याने राहा" असं लिहिणारा अजून उगवला कसा नाही?

अनघा_डोंबिवली

ते ४४ लाख आम्ही प्रत्यक्ष अनुभवलेत, आमचा आकडा वेगळा होता एवढंच. नवऱ्याची बदली झाली म्हणून पाच वर्षांतच फ्लॅट विकायला काढला आणि बँकेकडून फोरक्लोजर लेटर (आत्ता सगळं कर्ज फेडायला किती बाकी आहे याचं पत्र) मागवलं. ते बघून नवऱ्याने तिथल्या तिथे कस्टमर केअरला फोन लावला, तुमचं काहीतरी चुकलंय म्हणून. काही चुकलं नव्हतं. फ्लॅटची किंमत बरी वाढलेली होती, पण व्याज, स्टँप ड्यूटी आणि दोन्ही बाजूंची दलाली वजा केल्यावर हाती आलं ते मामुली.

सायली, त्या घरात नक्की किती वर्षं राहणार, हे आधी ठरवा. सात-आठ वर्षांच्या आत विकायचं असेल तर सगळा हिशोबच वेगळा.

महागाई_भत्ता

तुम्ही लोक १ कोटी ४ लाख ऐकून उगाच दचकताय. वीस वर्षांनंतरचे ४३ हजार म्हणजे आजचे ४३ हजार नव्हेत. सहा टक्के महागाई धरली तर शेवटचा हप्ता आजच्या साडेतेरा हजारांएवढा. पगार काय वीस वर्षं तेवढाच राहणार आहे? वडिलांनी नव्वदच्या दशकात चौदा-पंधरा टक्क्यांनी कर्ज काढलं होतं, सुरुवातीला हप्ता भरून झाला की महिनाअखेरीला घरात फक्त पिठलं-भात. शेवटच्या वर्षांत तोच हप्ता विजेच्या बिलाएवढा वाटायला लागला. दोन वेगवेगळ्या काळांतले रुपये एकमेकांत मिळवून आकडा फुगवायचा नसतो.

जुना_लेखनिक

@महागाई_भत्ता, तत्त्व मान्य. पण हा फायदा पुरता पदरात पडतो तो दर स्थिर असेल तर. आपल्याकडे बहुतेक कर्जं फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची. महागाई वाढली की रिझर्व्ह बँक रेपो (ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो दर) वाढवते आणि तुमचं व्याज वाढतं. म्हणजे महागाई एका हाताने देते आणि दुसऱ्या हाताने काढून घेते. पगारवाढ मात्र साहेबाच्या हातात.

मनोज_नाशिक

वरच्या प्रतिसादाला जिवंत उदाहरण देतो. २०२१ च्या शेवटी कर्ज घेतलं, रक्कम योगायोगाने ५० लाखच. दर ६.७५, वीस वर्षं, हप्ता ३८,०१८. तेव्हा रेपो ४ टक्के होता. २०२२ च्या मे महिन्यापासून तो वाढायला लागला आणि २०२३ च्या फेब्रुवारीत साडेसहावर गेला. माझा दर झाला ९.२५.

आता मजा बघा. हप्ता तोच, आणि त्यातले ३७ हजारांच्या वर नुसत्या व्याजात. मुद्दलात जेमतेम सातशे रुपये. या गतीने कर्ज फिटायला किती लागतील ते काढलं तर उत्तर आलं चाळीस वर्षांच्या पुढे. बँकेने आधी मुदत ताणली, ती ताणून संपली तेव्हा हप्त्याला हात घातला. हे सगळं कळवलं कसं, तर एका एसएमएसने. खात्यातून जाणारी रक्कम सुरुवातीला तीच, म्हणून आमची ही निवांत होती, "हप्ता कुठे वाढलाय?"

मी शाखेत जाऊन मूळ मुदत कायम ठेवा म्हटलं. हप्ता ४५ हजारांच्या घरात गेला. जड गेलं, पण मुदत जागेवर आली. सायली, महिन्याच्या रकमेपेक्षा दर तीन महिन्यांनी "उरलेले हप्ते" किती आहेत तेवढं बघत जा.

निवृत्त_बँकवाला

मनोजराव म्हणतात ते २०२२-२३ मध्ये लाखो कर्जदारांचं झालं. म्हणूनच १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायलाच हवा. स्थिर दरावर जाण्याची मुभा देणंही तेव्हा बंधनकारक केलं होतं, पण ऑक्टोबर २०२५ पासून ते बँकेच्या मर्जीवर आहे. दर तिमाहीला भरलेलं मुद्दल, व्याज, उरलेले हप्ते आणि वर्षाचा एकूण दर दाखवणारं विवरण द्यायचं. आणि मुदत इतकीही ताणायची नाही की हप्त्यातून व्याजसुद्धा भागू नये. हे हक्क आहेत, पण मागितल्याशिवाय कोणी पाट मांडून देत नाही.

सायलीताई, आता तुमच्या साडेआठ टक्क्यांबद्दल. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवीन फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या निकषाला, बहुतेक ठिकाणी रेपोला, जोडावी लागतात. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना ते बंधन नाही, त्यांचा स्वतःचा मूळ दर असतो. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. रेपोशी जोडलेल्या कर्जांना त्याचा फायदा लवकर मिळाला. बाकीच्यांना कधी आणि किती, ते ज्याच्या त्याच्या कंपनीच्या मर्जीवर. बिल्डरच्या टेबलावरून उठा आणि सिबिल स्कोअर (कर्जफेडीच्या इतिहासावरून मिळणारे गुण) घेऊन एखाद्या सरकारी बँकेत जाऊन विचारा. दर साडेसात मिळाला तर हप्ता ४०,२८० होतो, वीस वर्षांत साडेसात लाखांचा फरक. आणि दर साडेसात असताना हप्ता तुमचा तोच ४३,३९१ ठेवलात तर कर्ज सतरा वर्षांत संपतं.

सायली_वाकड

काका, हे फारच उपयोगी. त्या माणसाने रेपोचं नावसुद्धा काढलं नव्हतं.

कुलकर्णी_साठे_नव्हे

त्यापेक्षा भाड्याने राहा. तसला फ्लॅट महिना २२-२३ हजारांना मिळतो. ४३ हजारांतून ते वजा करा, उरलेले गुंतवा.

टवाळखोर

आला! 🙏

अनघा_डोंबिवली

दर अकरा महिन्यांनी मालकाचा चेहरा वाचत बसायचं, मुलाची शाळा बदलायची, टेम्पो ठरवायचा. याचा कॉलम नसतो तुमच्या एक्सेलमध्ये.

कुलकर्णी_साठे_नव्हे

कॉलम आहे, फक्त तो हप्त्याएवढा मोठा नाही. आणि मालकीच्या घराला मेंटेनन्स, मिळकतकर, रंगकाम, गळती हे कॉलम नसतात वाटतं?

(मॉडरेटर: भाडं विरुद्ध मालकी यावर आधीचे भरपूर धागे आहेत, इथे मूळ विषयावर या.)

सीएचा_मामेभाऊ

करबचतीचं कोणीच कसं बोललं नाही? विकणारे लोक दर सांगतानाच "टॅक्स धरला तर साडेपाच-सहाच पडतं" म्हणतात. ते तपासून घ्या. स्वतः राहत्या घराच्या व्याजावर कलम २४ खाली वर्षाला २ लाखांपर्यंतच वजावट, आणि मुद्दल ८०सी च्या दीड लाखात. तिथे पीएफ आणि एलआयसीने आधीच बैठक मारलेली असते. तुमचं पहिल्या वर्षाचं व्याज सव्वाचार लाखांच्या आसपास, म्हणजे निम्म्याहून जास्त व्याजावर एकट्याला काहीच नाही. दोघं मालक आणि दोघं कर्जदार असाल तर प्रत्येकी २ लाख. पण हे सगळं जुन्या करपद्धतीत! नव्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजाला वजावट नाही, आणि नवीच पद्धत आता आपोआप लागू होते. नव्यात असाल तर करबचत शून्य धरूनच हिशोब करा.

शिवाय तुमचा फ्लॅट बांधकामाधीन आहे. ताब्याआधीच्या व्याजाची वजावट लगेच मिळत नाही. ताब्याच्या वर्षापासून पाच समान भागांत मिळते, तीही त्याच २ लाखांच्या मर्यादेत.

कर्जतकर

(नावात कर्ज आहे म्हणून मी तज्ज्ञ नव्हे, गाव आहे आमचं.)

५० लाखांच्या व्याजावर सगळे तुटून पडलेत, पण सायलीताईंचे ते १५ लाख तरी पुरतायत का? ६५ लाखांवर पिंपरी-चिंचवडच्या हद्दीत स्टँप ड्यूटी ७ टक्के, म्हणजे साडेचार लाखांच्या वर. फक्त बाईमाणसाच्या नावाने घेतलं तर १ टक्का सवलत, नवरा-बायको दोघांच्या नावाने घेतलं तर नाही. नोंदणी ३० हजार. किंमत ४५ लाखांच्या वर असल्याने जीएसटी ५ टक्के, सव्वातीन लाख. एकूण आठ लाख झाले. यातलं काही ६५ मध्ये धरलेलं नसेल तर ते रोख उभं करावं लागेल, बँक यासाठी सहसा कर्ज देत नाही. मग लोक पर्सनल लोन काढतात, आणि त्याचा दर गृहकर्जाच्या दीडपट-दुप्पट.

दुसरं, ताबा मिळेपर्यंत प्री-ईएमआय. समजा निम्मे, म्हणजे २५ लाख बिल्डरला दिले गेले, तर साडेआठने महिन्याला १७,७०८ नुसतं व्याज. मुद्दल एक रुपया कमी होत नाही आणि भाडं चालूच. ताबा सहा महिने लांबला तर बाकीच्या काळजीसोबत लाखभर रुपयेही गेले. महारेरावर (राज्याच्या गृहप्रकल्प नियामकाच्या साइटवर) प्रकल्पाची पूर्णत्वाची तारीख बघा, ती किती वेळा वाढवून घेतलीय तेही दिसतं. तयार आणि भोगवटा प्रमाणपत्र मिळालेला फ्लॅट घेतलात तर जीएसटी नाही, प्री-ईएमआय नाही. दोन-तीन लाख महाग असला तरी मांडून बघा.

शर्वरी_करवीर

विमा!! मंजुरीच्या दिवशी सही करायला कागदांची चवड येते, त्यात दीड लाखाच्या सिंगल प्रीमियमचा कर्जविमा घुसवलेला असतो. "हा कंपल्सरी आहे, लोनमध्येच ॲड करून देतो." कंपल्सरी नाही. आणि लोनमध्ये ॲड झाला म्हणजे त्या दीड लाखाचेही वीस वर्षं हप्ते, एकूण ३ लाख १२ हजार. माझ्या बहिणीने नको म्हटल्यावर समोरच्या माणसाने "मग दर पाव टक्का वाढेल" सांगितलं. तिने "हेच मेलवर लिहून द्या" म्हटलं. मेल आला नाही, दर वाढला नाही.

विमा नको असं म्हणत नाही हं. कर्जाएवढा साधा टर्म प्लॅन बाहेरून घ्या. बँक बदलली तरी तो आपल्याजवळ राहतो.

टवाळखोर

"हेच मेलवर लिहून द्या". हे वाक्य फ्रेम करून हॉलमध्ये लावा. साठ टक्के कपात तिथेच होईल.

न्यूजर्सीकर

अवांतर: इथे तीस वर्षांचा स्थिर दर ही सर्वसाधारण पद्धत. २०२१ मध्ये लोकांनी ३ टक्क्यांच्या आत दर बांधून घेतले, २०२३ च्या ऑक्टोबरात नवीन कर्जाचा दर ८ च्या जवळ गेला होता. ज्यांचे दर बांधलेले त्यांना काही झळ नाही. उलट ते घर विकायला तयार नाहीत, कारण नवीन घर घेतलं तर दर दुपटीहून जास्त. महागाई_भत्ता यांचा मुद्दा इथे शंभर टक्के लागू पडतो. पण फार हेवा करू नका. न्यूजर्सीचा प्रॉपर्टी टॅक्स देशातल्या सर्वांत चढ्या दरांपैकी, कर्ज फिटलं तरी तो जन्मभर चालू. भारतात मिळकतकर किती कमी असतो हे तिकडच्यांना जाणवतच नाही.

अनघा_डोंबिवली

मिळकतकरावरून आठवलं, पुणे मनपा हद्दीत राहत्या घराला ४० टक्के सवलत आहे, पण त्यासाठी पीटी-३ अर्ज भरावा लागतो. बहिणीकडच्या सोसायटीत निम्म्या लोकांना पत्ता नव्हता. पुनावळे पिंपरी-चिंचवडमध्ये येतं, तिथले नियम वेगळे, विचारून घ्या.

एसआयपी_बहाद्दर

तीस वर्षंच घ्या आणि वाचलेले ४,९४५ दर महिन्याला एसआयपीत (म्युच्युअल फंडातल्या दरमहा गुंतवणुकीत) टाका. ३४ लाखांचं भूत उतरेल. १० टक्क्यांनी वीस वर्षांत साडेसदतीस लाख होतात.

जुना_लेखनिक

तुमचं गणित पुढे नेतो. वीस वर्षांनी तीस-वर्षीय कर्जाची बाकी असते ३१ लाख. तुमच्याकडे साडेसदतीस. दीर्घ मुदतीच्या नफ्यावरचा साडेबारा टक्के कर गेला की साडेचौतीसच्या आसपास. म्हणजे पुढे राहिलात साडेतीन लाखांनी, तेही वीस वर्षांत एकदाही एसआयपी न थांबवता, न मोडता. परतावा साडेआठ मिळाला तर करापूर्वी जेमतेम बरोबरी, सात मिळाला तर पाच लाखांनी मागे. कर्जाचा दर आणि परताव्याचा दर यांतला फरक, एवढंच ते गणित आहे. मुदतपूर्व फेड म्हणजे साडेआठ टक्के करमुक्त आणि बिनजोखमीचे. असा परतावा बाजारात कोण लिहून देतो?

महागाई_भत्ता

पण नोकरी गेली तर? कर्जात भरलेले पैसे बँक परत देत नाही. एसआयपीतले निघतात. मी तर म्हणतो, तीस घ्या पण भरा वीसच्या हप्त्याने. फ्लोटिंग कर्जावर वैयक्तिक कर्जदाराला मुदतपूर्व फेडीचा दंड नाही, मग वेळ आली तर कमी हप्त्यावर यायची सोय कशाला घालवायची?

मनोज_नाशिक

कागदावर +१. प्रत्यक्षात किती जण दर महिन्याला आपणहून पाच हजार जास्त भरतात? आमच्या ऑफिसात सगळ्यांनी हेच बोलून तीस घेतलेत. भरणारा मला अजून भेटायचाय.

निवृत्त_बँकवाला

दोन्ही साधायचं असेल तर ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज बघा. स्टेट बँकेचं मॅक्सगेन याच प्रकारचं, इतर बँकांतही अशी खाती आहेत. जास्तीचे पैसे खात्यात ठेवले की तेवढ्यावर व्याज लागत नाही, आणि अडीअडचणीला काढता येतात. दर किंचित जास्त असतो, म्हणून खात्यात बऱ्यापैकी रक्कम पडून राहणार असेल तरच.

आणि मुदतपूर्व फेड करायची तर सुरुवातीला करा. तुमच्याच वीस वर्षांच्या कर्जात पहिल्याच महिन्यात १ लाख जास्त भरले तर शेवटचे बारा हप्ते उडतात, म्हणजे व्याजात सव्वाचार लाखांची बचत. तोच १ लाख पंधरा वर्षांनी भरलात तर बचत जेमतेम पन्नास हजार. दरवर्षी बोनसमधून एक हप्ता जास्त टाकलात तरी कर्ज साधारण साडेसोळा वर्षांत आटोपतं. मात्र भरताना "हप्ता तोच, मुदत कमी करा" असं लेखी द्या. नाहीतर काही ठिकाणी मुदत तशीच ठेवून हप्ता कमी करून टाकतात.

सायली_वाकड

सगळ्यांचे मनापासून आभार. दोन रात्री एक्सेल उघडून बसलो होतो. अपडेट असं:

एका सरकारी बँकेने दोघांचे स्कोअर बघून ७.५५ तोंडी सांगितलाय, रेपोला जोडलेला. टेबलवाल्याला हे सांगितल्यावर तोही तासाभरात ८ वर आला. मुदत वीस. नवऱ्याने तीस-अधिक-एसआयपीची बाजू अजून सोडलेली नाही, पण मागच्या वर्षी सुरू केलेली त्याची एसआयपी सध्या "पॉज" आहे हे मी सभ्यपणे दाखवून दिलं.

कर्जतकर, तुमचा प्रतिसाद सगळ्यात महागात पडला. ६५ मध्ये जीएसटी, स्टँप ड्यूटी काहीच धरलेलं नव्हतं. वर पार्किंग आणि दोन वर्षांचा आगाऊ मेंटेनन्स वेगळा. महारेरावर बघितलं तर तारीख एकदा वाढलेली. आता जवळच्याच एका तयार इमारतीतला रीसेल फ्लॅट शनिवारी बघायला जातोय, ६८ सांगतायत. रीसेलला बँक मूळ कागदपत्रं घेते म्हणतात, ती परत मिळण्यात त्रास होतो का?

निवृत्त_बँकवाला

रीसेल असेल तर विक्रेत्याचं कर्ज चालू आहे का ते आधी विचारा. असेल तर तुमची बँक त्याच्या बँकेला थेट चेक देते आणि कागद बँकेकडून बँकेकडे जातात, त्यात दोन-तीन आठवडे धरा. मागच्या सगळ्या करारांची साखळी पूर्ण हवी, एक जरी मूळ करार गहाळ असेल तर वकील अडवणार.

तुमच्या प्रश्नाचं उत्तर: कर्ज पूर्ण फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागद परत द्यायचे आणि बोजा उतरवायचा, उशीर बँकेचा असेल तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असा रिझर्व्ह बँकेचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. पण कागद देतानाच शिक्का मारलेली यादी घ्या, पानांच्या संख्येसकट. तीच मागायला लोक विसरतात.

शर्वरी_करवीर

आणि ६८ ला "सांगतायत" म्हणजे ६४ पासून सुरू करा बाई.